कुकरची शिट्टी आणि गाडीचा पिवळा दिवा



मागचा लेख चातुर्मासात धान्य निवडून कसं ठेवायचं यावर होता आणि आज एकदम गाडीचे ब्रेक! वाचून हसाल. पण आपल्यातल्या कितीतरी जणी आता स्वतः गाडी चालवतात. मुलांना क्लासला सोडायचं, सासूबाईंना दवाखान्यात न्यायचं, रविवारी कुंभोजला बाहुबलीच्या दर्शनाला जायचं, सगळं आपल्याच हातात. आणि गाडीच्या काचेखाली एखादा दिवा लागला की आपण काय करतो? घरी विचारतो. घरचे म्हणतात, "बघू रविवारी." तो रविवार काही येत नाही. माझ्याकडून हेच झालं, म्हणून हे लिहिते आहे.

आमची गाडी जुनी आहे. दिरांनी नवी घेतली तेव्हा त्यांची आमच्याकडे आली. परदेशी बनावटीची, दणकट. श्रावणात एका संध्याकाळी धाकट्याला क्लासला सोडून सांगलीहून जयसिंगपूरला परत येताना, अंकलीच्या पुलाच्या अलीकडे, समोर पिवळा दिवा लागला. मधे गोल आणि दोन्ही बाजूंना तुटक तुटक रेघांचे कंस. मला वाटलं हँडब्रेक थोडा वर राहिला असेल. खाली केला, वर केला, परत खाली केला. दिवा तसाच. ब्रेक मात्र नेहमीसारखे लागत होते. कसला आवाज नाही, काही नाही.

रात्री ह्यांना फोन केला. हे तेव्हा कामासाठी बेंगळुरूला होते. म्हणाले, "सेन्सरचा खेळ असेल, पावसाळ्यात होतं. ब्रेक लागतोय ना? मग झालं." मलाही तेच ऐकायचं होतं. तीन आठवडे मी तो दिवा बघत गाडी चालवली. पहिले दोन दिवस तो डोळ्यांत खुपायचा. नंतर दिसेनासा झाला. दिवा होता तिथेच होता, माझ्या नजरेनं त्याला सोडून दिलं.

भाद्रपद जवळ आला. दशलक्षण पर्वाच्या आधी आईंना, म्हणजे माझ्या सासूबाईंना, पुण्याला डोळ्यांच्या तपासणीला न्यायचं होतं. मोतीबिंदूचं ऑपरेशन नणंदेकडे राहून पुण्यालाच झालं होतं. आईंचं रात्रीचं जेवण आयुष्यात कधी झालेलं नाही, त्यामुळे सूर्यास्ताच्या आत नणंदेच्या घरी पोहोचायचं हे ठरलेलंच. म्हणजे गाडी थोडी पळवावी लागणार. आणि वाटेत खंबाटकीचा बोगदा, मग कात्रजचा नवा बोगदा आणि तिथून नवले पुलापर्यंतचा तो उतार. त्या उतारावर ब्रेक न लागून झालेल्या अपघातांच्या बातम्या आपण सगळ्यांनीच वाचल्या आहेत. तेव्हा कुठे मला तो पिवळा दिवा परत दिसायला लागला.

घराजवळच्या एका गॅरेजमध्ये गेले. तिथल्या मुलानं चाकामागे हात घातला, पाच-सात मिनिटं काहीतरी केलं आणि म्हणाला, "झालं. सेन्सर खराब होता. वायर जोडून दिलीय." किल्ली फिरवली. दिवा गेला! शंभर रुपये दिले आणि हलक्या मनानं घरी आले.

स्वयंपाकघरात आई मुगाची डाळ कुकरला लावत होत्या. मी मोठ्या आनंदानं सांगितलं, "दिवा बंद झाला हो आई, नुसती वायर होती."

त्यांनी विचारलं, "आणि ब्रेक बघितलं का त्यानं?"

"नाही. पण दिवा गेला ना."

आई कुकरकडे बघत म्हणाल्या, "अगं, ही शिट्टी मी काढून ठेवली तर ती वाजायची नाही. म्हणून काय डाळ शिजली म्हणायचं?"

मला काही उत्तर सुचलं नाही. रात्री झोप येईना, तेव्हा गाडीच्या कप्प्यातलं माहितीपुस्तक काढलं. इतक्या वर्षांत पहिल्यांदाच उघडलं. त्या दिव्याचं चित्र सापडलं. ब्रेक पॅड झिजले आहेत, तपासून घ्या, असा त्याचा अर्थ होता.

दुसऱ्या दिवशी सकाळी शिरोळ रोडला एका जुन्या मिस्त्रींकडे गाडी नेली. दिरांची ओळख होती. साठीच्या पुढचे, कमी बोलणारे. मी सगळं सांगितलं, वायर जोडल्याचंही. त्यांनी बॉनेट उघडायच्या आधी मलाच प्रश्न विचारले. दिवा सारखा लागलेला होता, का फक्त ब्रेक दाबल्यावर? ब्रेक मारला की गाडी एका बाजूला ओढते का? पायाला थरथर लागते का? आणि शेवटचा प्रश्न, "वैनी, गाडी तुम्हीच धुता का? मग कुठलं चाक जास्त काळं होतंय?"

मी चटकन म्हटलं, "पुढचं उजवं." बोलून गेले आणि मग कळलं की ही गोष्ट मला महिनाभर माहीत होती. दर रविवारी ते चाक दोनदा घासावं लागायचं. ब्रेकची काळी भुकटी होती ती. मी म्हणायची, रस्त्याचा चिखल.

आता त्यांनी मला जे दाखवलं ते क्रमानं सांगते, कारण तुम्हालाही उपयोगी पडेल.

चाकाच्या आत डिस्क असते, स्टीलच्या ताटासारखी, चाकाबरोबर फिरणारी. तिला दोन्ही बाजूंनी दोन पॅड दाबतात. त्या दाबण्यानं गाडी थांबते. नव्या पॅडवर साधारण दहा-बारा मिलिमीटरचा थर असतो. रोज थोडा थोडा झिजतो. तीन मिलिमीटर राहिला की बदलायचा. आमच्या गाडीत पुढच्या डाव्या चाकाच्या आतल्या पॅडमध्ये एक बारीक वायर पुरलेली आहे. तिच्यातून अगदी थोडी वीज जात असते. पॅड झिजत तिथपर्यंत आला की वायर फिरत्या डिस्कला घासून तुटते, वीज थांबते आणि दिवा लागतो. म्हणजे वायर तुटणं हाच तिचा निरोप. आदल्या दिवशीच्या मुलानं वायरची दोन टोकं एकमेकांना पिळून वर टेप गुंडाळली होती. त्यामुळे वीज परत सुरू झाली आणि गाडीला वाटलं सगळं ठीक आहे. पॅड पूर्ण संपला असता तरी तो दिवा आता कधीच लागला नसता.

मिस्त्रींनी मोबाइलचा टॉर्च लावून मला चाकाच्या जाळीतून आत बघायला सांगितलं. बाहेरचा पॅड दिसला, चांगला सहा-सात मिलिमीटर. मला हायसं वाटलं. "म्हणजे खरंच वायरच होती की!"

ते म्हणाले, "हे हत्तीचे दाखवायचे दात, वैनी. खायचे आत असत्यात."

दोन्ही पुढची चाकं काढली. काढताना त्यांची पद्धत मी नीट बघितली. मागच्या चाकांना विटा लावल्या. नट आधी जमिनीवरच सैल केले, मग जॅक लावला. नुसत्या जॅकवर न ठेवता खाली लोखंडी घोडा सरकवला. जॅकच्या भरवशावर गाडीखाली हात घालायचा नाही, हा त्यांचा नियम.

डाव्या चाकाचा आतला पॅड बाहेर आला. धाकट्याच्या कंपासपेटीतली पट्टी माझ्या पर्समध्ये होती, तिनं मोजला. जेमतेम दोन मिलिमीटर. वायर खरोखर घासून तुटली होती. दिवा खोटं बोलला नव्हता. मग उजव्या चाकाचा आतला पॅड काढला. तो मिस्त्रींनी माझ्या तळहातावर ठेवला. एक मिलिमीटरही नव्हता. एका कोपऱ्यात तर खालच्या लोखंडी पट्टीची कड दिसायला लागली होती.

"पण मग उजव्या चाकाचा दिवा का नाही लागला?"

"त्याला वायरच नाही. एकाच चाकाला देत्यात. दुसऱ्याचं बघायला माणूस लागतंय."

तो पॅड हातात धरून मी तशीच उभी राहिले. मागे बसलेल्या आई, कात्रजचा बोगदा संपल्यावर सुरू होणारा तो उतार आणि पुढे ओळीनं उभी वाहनं, सगळं एकदम डोळ्यांसमोर आलं.

आतलेच पॅड इतके का झिजले, हे कळणं महत्त्वाचं होतं, नाहीतर नवे घालून सहा महिन्यांत परत तेच. पॅड ज्या चिमट्यात बसतात त्याला कॅलिपर म्हणतात. त्याचा दट्ट्या फक्त आतल्या बाजूला असतो. तो आतला पॅड दाबतो, आणि मग सगळा कॅलिपर दोन पिनांवर सरकून बाहेरचा पॅड डिस्कवर ओढून आणतो. आमच्या उजव्या चाकाच्या पिनेवरचं रबर फाटलं होतं. पावसाचं पाणी आणि उसाच्या शेतांकडच्या रस्त्यांचा चिखल आत जाऊन पिन गंजून अडकली होती. डावीकडची पिनही कोरडी पडली होती. सांडशीची रिवेट गंजली की कसं एकच ओठ भांड्याला लागतो, तसं. बाहेरचा पॅड आळशी बसला आणि आतल्या एकट्यानं सगळं काम केलं. शिवाय अडकलेला पॅड ब्रेक सोडल्यावरही डिस्कला थोडा घासत राहतो, म्हणून ते चाक जास्त काळं.

दुरुस्तीला दोन तास लागले. पिना काढून पॉलिश पेपरनं घासल्या, नवी रबरं घातली, ब्रेकसाठीचं वेगळं सिलिकॉनचं ग्रीस लावलं. साधं ग्रीस लावलं तर रबर फुगतं. कॅलिपर काढल्यावर त्यांनी तो तारेनं वर बांधून ठेवला, ब्रेकच्या नळीवर लोंबकळू दिला नाही. नळीला आतून इजा झाली तर बाहेरून दिसत नाही. डिस्कची जाडी मोजली. कमीत कमी किती हवी तो आकडा तिच्यावरच कोरलेला असतो. आमची त्याहून जाड होती, म्हणून वाचली. पॅड एकाच चाकाचे बदलत नाहीत, दोन्ही पुढच्या चाकांचे मिळून चार एकदम बदलायचे, नाहीतर गाडी एका बाजूला ओढते.

इथे माझी आणखी एक चूक होता होता राहिली. आदल्या रात्री मी बॉनेट उघडून ब्रेक ऑइलची बाटली बघितली होती. पातळी खालच्या खुणेजवळ गेली होती. ह्यांनी फोनवर सांगितलं होतं, "वरून टाक थोडं." मी ते विकतही आणलं होतं. मिस्त्रींनी नको म्हटलं. पॅड झिजले की दट्ट्या पुढे येतो आणि त्याच्यामागे ऑइल जातं, म्हणून बाटलीत कमी दिसतं. नवे जाड पॅड बसवायला दट्ट्या परत मागे ढकलला, तसं माझ्या डोळ्यांदेखत बाटलीतलं ऑइल वर आलं, अगदी वरच्या खुणेच्या जरा खाली. मी भरलं असतं तर बाहेर सांडलं असतं, आणि त्यानं गाडीचा रंग जातो. मात्र पॅड जाड असून ऑइल कमी दिसलं तर ती गळती. तेव्हा गाडी हलवायचीच नाही.

नवी वायर जोडली. जुन्या वायरवरचा टेप त्यांनी काढून माझ्यासमोर टाकून दिला. मल्टीमीटरची दोन टोकं नव्या वायरला लावली, बीप वाजलं. म्हणजे वायर अखंड आहे. सेन्सर खरोखर खराब आहे का हे असंच ओळखायचं. चारही पॅड जाड आहेत आणि वायर तुटलेली आहे, तर दोष वायरचा. कधी उंदरानं कुरतडलेली असते, कधी जोडात चिखल असतो. पण आधी पॅड, मग वायर. उलट क्रमानं नाही. (आणि उंदरांसाठी औषध टाकू नका. गाडीजवळची धान्याची पोती हलवा. आम्ही तेच केलं.)

चाकं चढली. मी किल्ली घ्यायला हात पुढे केला तर मिस्त्री म्हणाले, "आधी आत बसा आणि गाडी सुरू न करता ब्रेक दाबा." दाबला. पाय सरळ खाली गेला, जमिनीपर्यंत! माझ्या पोटात गोळा आला. "दाबत राहा." दुसऱ्यांदा थोडा वर, चौथ्या-पाचव्यांदा घट्ट. मागे ढकललेला दट्ट्या परत पॅडपर्यंत यायला तेवढे दाब लागतात. हे न करता कुणी गाडी गॅरेजमधून बाहेर काढली, तर पहिला ब्रेक लागतच नाही. गाडी गॅरेजमधून घेताना हे एवढं लक्षात ठेवाच.

नवे पॅड डिस्कवर नीट बसायलाही वेळ द्यावा लागतो. दुसऱ्या दिवशी पहाटे मोकळ्या रस्त्यावर मी ताशी पन्नासच्या वेगावरून हळूहळू दहापर्यंत यायचं, परत वेग घ्यायचा, असं दहा वेळा केलं, मधे मधे डिस्क गार व्हायला अंतर ठेवून. पहिले दोन-तीनशे किलोमीटर कचकन ब्रेक मारायचे नाहीत असंही सांगितलं होतं. म्हणून पुण्याला आम्ही ठरल्यापेक्षा दोन तास आधी निघालो. सूर्यास्ताशी शर्यत नको आणि ब्रेकशीही नको.

निघायच्या आदल्या रात्री मी आईंना तो झिजलेला पॅड दाखवला. मिस्त्रींकडून मागून आणला होता. आईंनी एका डोळ्यानं निरखून बघितला, बोटानं चाचपला. मग म्हणाल्या, "तीन आठवडे दिवा लागला होता म्हणालीस ना?" रागानं नाही म्हणाल्या. पण मला ते लागलं.

मैत्रिणींनो, आपण पाणी गाळून घेतो, पीठ चाळतो, दिव्याजवळ किडे येतील म्हणून काळजी घेतो. चार हात जमीन बघून पाऊल टाकावं हे मुनींकडे बघून लहानपणीच शिकतो. आणि तीच मी ताशी ऐंशीच्या वेगानं गाडी चालवते, जी एका सेकंदात बावीस मीटर पुढे जाते, आणि समोर लागलेल्या दिव्याकडे बघत नाही. हिंसेचा विचार करताना आपल्याकडे नुसतं काय घडलं हे बघत नाहीत, प्रमाद होता का हेही बघतात. माझ्या हातून कुणाला काही झालं नाही, हे नशीब. पण प्रमाद तीन आठवडे रोज होत होता. त्या वेळच्या प्रतिक्रमणात मला दुसरं काही शोधावं लागलं नाही.

त्या पहिल्या मुलावर मी रागावलेली नाही. मी त्याला म्हटलं होतं, "हा दिवा तेवढा घालवून दे." त्यानं तेच केलं.

आता तुमच्यासाठी थोडक्यात. पिवळा गोल आणि बाजूला तुटक कंस, म्हणजे पॅड झिजलेत. गाडी चालते, पण त्याच आठवड्यात दाखवा आणि लांबचा प्रवास, घाट टाळा. लाल गोल आणि मधे उद्गारचिन्ह, तर आधी हँडब्रेक बघा. तो खाली असूनही लाल दिवा राहिला तर गाडी बाजूला घेऊन थांबाच. तुमच्या गाडीत असा पिवळा दिवा नसेल, आपल्याकडच्या बऱ्याच लहान गाड्यांत नसतो, तर पॅडवर पत्र्याची एक पट्टी असते. पॅड संपत आला की ती डिस्कला घासून बारीक चीं चीं वाजते. तो आवाज ऐकू यावा म्हणून आठवड्यातून एकदा काच खाली करून, गाणी बंद करून भिंतीकडेनं गाडी चालवा. सर्व्हिसिंगला टाकताना "ब्रेक बघा" एवढंच म्हणू नका. "दोन्ही चाकांचे आतले पॅड किती मिलिमीटर आहेत ते लिहून द्या" असं म्हणा. आणि गाडी धुताना एकच चाक जास्त काळं दिसलं, तर घासून विसरून जाऊ नका.

पुण्याचा प्रवास छान झाला. कात्रजच्या बोगद्यातून बाहेर पडल्यावर मी गिअर उतरवला, वेग आधीच कमी केला आणि ब्रेक हलके हलके दाबत खाली आले. आई मागे माळ ओढत होत्या. नवले पूल मागे पडल्यावर त्यांनी विचारलं, "तो उतार कुठं आहे गं, सारखं म्हणत होतीस तो?"

"मघाशीच गेला, आई."

ऊन अजून होतं. नणंदेनं ताटं वाढून ठेवली होती.

जय जिनेंद्र.